कोठीला आतून कडी

२ सप्टेंबर

वन्सं,

सही तुमचीच आहे ना? नाही, "अगं, ऐक तर खरं" नको. आधी हो की नाही ते सांगा.

वकीलबाईंनी काल कागद समोर ठेवला. खाली तुमचं ते फळ्यावर लिहितात तसलं गोल गोल अक्षर. "मी त्या दिवशी भावाकडे राहायला आले होते. बाहेरच्या खोलीत बसले होते. मधल्या खोलीचं दार वाऱ्यानं धाडकन लागलं आणि वहिनीचा हात त्यात सापडला. माझ्या भावाचा यात काहीही दोष नाही."

वाऱ्यानं?

वन्सं, तुमची वहिनी कुलूपवाली आहे. बापाच्या टपरीवर बसून किल्ल्या घासते. त्या घरातल्या एकूण एक दाराची बिजागरी मी माझ्या हातानं बसवलीय. मधल्या खोलीच्या दाराची वरची बिजागरी बसवताना माझ्याकडून चूक झाली, जरा बाहेर बसली. म्हणून ते दार सोडलं की आपोआप उघडतं. नऊ वर्षं आम्ही त्याला वीट टेकवून ते बंद ठेवतोय. विटेला ठेचकाळून तुमच्या पायाचं नख गेलं होतं, आठवतंय? वादळ आलं तरी ते दार लागायचं नाही. लावावं लागतं. दोन्ही हातांनी, जोर काढून. खोटंच लिहायचं होतं तर मला विचारायचं होतंत. एखादं बरं दार सुचवलं असतं.

उजव्या हाताची दोन बोटं. एकाचं प्लास्टर निघालं, मधलं अजून वाकत नाही. डाव्या हातानं कानस चालवते. गिऱ्हाइकं म्हणतात, "बाई, तुम्ही डावखुऱ्या होय?" मी म्हणते, हो, तीन महिन्यांपासून.

माझंही चुकलं, तेही लिहून टाकते. दवाखान्यात मीच सांगितलं होतं, "दारात सापडलं." तुमचा भाऊ शेजारी उभा होता, माझी पर्स धरून. किती काळजी! नर्सनं तसंच लिहून घेतलं. आता दवाखान्याचा कागद म्हणतो अपघात, तुमचा कागद म्हणतो वारा. आणि मी एकटी म्हणते, त्यानं केलं.

घरगुती हिंसाचाराच्या कायद्याखाली अर्ज केलाय. दोनच गोष्टी मागितल्यात. त्यानं माझ्या अंगाला हात लावायचा नाही, आणि मला माझ्या घरात राहू द्यायचं. घर कुणाच्या नावावर आहे ते हा कायदा विचारत नाही. तिथे राहत होते, एवढं पुरतं. तुमच्या भावानं मला बाहेर काढून दुसऱ्या दिवशी कुलूप बदललं. कुलूपवालीला बाहेर ठेवायला कुलूप! मी दोन मिनिटांत उघडेन. डाव्या हातानं चार. पण मी ते उघडणार नाही. ते त्यानं उघडायचं, स्वतःच्या हातानं.

सुनावणी शुक्रवारी, २६ ला आहे. सध्या त्याच नर्सच्या खोलीवर राहतेय. तिनं ते लिहिताना माझ्या तोंडाकडे बघितलं होतं. आठवड्यानं टपरीवर आली, म्हणाली, "किल्ली नकोय. खोली आहे, ये."

फोन केला असता, पण तुमचा फोन भावोजी उचलतात. म्हणून पत्र.

तुमची,
वहिनी (अजून आहे)


७ सप्टेंबर

वहिनी,

सही माझीच. लपवायचं काय त्यात?

तू रागात आहेस म्हणून तुझ्या टोमण्यांचं मी मनाला लावून घेत नाही. बाळचा फोन आला होता. रडत होता. तू त्याला कधी रडताना पाहिलंयस? मी पाहिलंय, तो एवढासा होता तेव्हापासून. आई म्हणायची, याच्या हातात राग आहे, मनात नाही. बाबांचंही तसंच होतं. आईनं कुठे कोर्ट गाठलं? चाळीस वर्षं निभावलं तिनं. बाबा शेवटी शेवटी तिच्या हातूनच जेवायचे.

आणि तू काय केलंस? घरातली गोष्ट चार लोकांच्या पुढ्यात मांडलीस. जिन्यातल्या बायका आता बाळकडे कशा बघत असतील, कल्पना कर. त्यालाही नोकरी आहे, इज्जत आहे. अर्ज मागे घे. मी बोलते त्याच्याशी. तो माझं ऐकतो. कुलूप मी त्याला काढायला लावते. दिवस ठरव, मी येते, आपण तिघं बसून चहा पिऊ आणि विषय संपवू.

दाराचं म्हणशील तर मला बिजागऱ्यांतलं काय कळतंय? त्यानं लिहून आणलं, मी वाचलं आणि सही केली.

बोटाला गरम पाण्याचा शेक देत जा.

बाळची ताई

ता. क. तुझ्याकडून एक कडी हवीय. लोखंडी, चांगली जाडजूड. आमच्या कोठीच्या खोलीला, आतल्या बाजूनं लावायची. दार आत उघडतं. उंदीर फार झालेत. स्क्रूही पाठव, आणि साध्या स्क्रू-ड्रायव्हरनं बसेल अशी बघ, ठोकाठोकी नको. माणूस बोलावता येत नाही, यांना घरात परकं कुणी आलेलं खपत नाही.


११ सप्टेंबर

वन्सं,

तुमचं पत्र आल्या आल्या मी उत्तर लिहायला घेतलं होतं. तीन पानं. त्यात तुमचं बाळ अडतीस वर्षांचं आहे, त्याच्या दाढीत पांढरे केस आहेत, आणि चहा मी त्या घरात हजारदा केलाय, एकदाही विषय संपला नाही, असं बरंच काही होतं. मस्त जमलं होतं. नर्सला वाचून दाखवलं, ती म्हणाली, "जाळ काढलास अगदी."

मग तुमचा ता. क. परत वाचला. आणि ती तीन पानं फाडली.

टपरीवर कुणी कडी मागायला आलं की मी चार प्रश्न विचारते. बाबांनी शिकवलेले. दार कशाचं? उघडतं कुणीकडे? कडी कुठल्या बाजूला? आणि ती लावली जाईल तेव्हा तुम्ही दाराच्या कुठल्या बाजूला असणार? चौथ्या प्रश्नाला लोक हसतात. पण त्याच्याशिवाय कडी देता येत नाही.

कोठीला कडी बाहेरून असते, वन्सं. आत डबे असतात, माणूस बाहेर असतो. उंदरांसाठी आतून कडी? ती लावणार कोण, उंदीर?

मी तुम्हाला काही विचारत नाही. तुम्ही मला चहाचं आमंत्रण दिलंत, मी तुम्हाला कडी पाठवतेय. पार्सलमध्ये आहे. सहा स्क्रू, लांबातले. वरचे दोन आधी पिळा, मग खालचे. साबणावर घासून घेतलेत तर आवाज न करता जातील.

आता गिऱ्हाइकाला सांगत नाही ते तुम्हाला सांगते. ही कडी पहिली लाथ झेलते. दुसरीही झेलते. तिसरीला चौकटीचं लाकूड फाटतं आणि स्क्रूंसकट बाहेर येते. मी तसल्या निघालेल्या कड्या रोज बघते. बायका पदराखाली झाकून आणतात, म्हणतात, "दार फुगलं होतं हो." मी नवी देते. परवा एकीला नव्या कडीबरोबर अधिकारीबाईंचा पत्ता दिला. तिनं पत्ता परत केला. कडी घेऊन गेली.

त्या अधिकारीबाई म्हणजे कायद्यानं नेमलेल्या. माझा अर्ज त्यांनीच भरून घेतला. छोटं ऑफिस, एक पंखा, दोन खुर्च्या, त्यातली एक डुगडुगते. फॉर्मवर रकाने आहेत. मारहाण झाली का. शिवीगाळ, धमक्या. घराबाहेर काढलं का. हे तीन मी भराभर भरले. चौथा रकाना बिछान्यातल्या जबरदस्तीचा. तिथे माझं पेन थांबलं. म्हटलं, हा राहू द्या. त्या म्हणाल्या, "राहू द्या. पण रिकामा राहिला म्हणजे तसं घडलं नाही, असं मी धरत नाही." मग त्यांनी माझी डुगडुगती खुर्ची स्वतःकडे घेतली आणि त्यांची मला दिली.

असलं ऑफिस तुमच्या गावातही आहे. मी विचारलं. पत्ता पार्सलमध्ये, स्क्रूंच्या पुडीचा कागद उलटा करून बघा.

वहिनी


१६ सप्टेंबर

वहिनी,

कडी मिळाली.

उंदरांचं इतकं मनावर घ्यायचं कारण नव्हतं. तुझं स्वतःचं विसकटलंय म्हणून तुला सगळीकडे तेच दिसतं. यांना अख्खं गाव ओळखतं. आजवर कुणाला उलट शब्द बोललेले नाहीत. शाळेच्या गॅदरिंगला पहिल्या रांगेत बसवतात त्यांना. माझ्या घरात डोकावू नकोस, वहिनी. आपल्यात एवढी सलगी कधी नव्हती.

तुला मी पुन्हा सांगते, अर्ज मागे घे. नाहीतर २६ ला मला बाळच्या बाजूनं यावं लागेल, आणि तुझ्यासमोर ते सगळं बोलावं लागेल. माझ्यावर ती वेळ आणू नकोस.

आणि यापुढे काही लिहायचं असेल तर घरी नको. शाळेच्या पत्त्यावर पाठव.

बाळची ताई


१९ सप्टेंबर
(शाळेच्या पत्त्यावर)

वन्सं,

तुमच्या पत्रातली एकच ओळ मला खरी वाटली. शेवटची.

काल मी घरी गेले होते. माझे कपडे आणि बाबांची अवजारांची पेटी आणायला. बाबांची पेटी, वन्सं, त्यात त्याचं काय आहे? वकीलबाई म्हणाल्या, मागून बघा, नाही दिली तर तेही कोर्टात सांगू. तो दारातच उभा. मला बघितल्यावर बाहेर आला, दार ओढून घेतलं, नवं कुलूप लावलं आणि किल्ली खिशात टाकली. जिन्यातल्या दोघीतिघी कठड्याला टेकून बघत होत्या.

"उघड की," म्हणतो. "तू कुलूपवाली ना? उघड! बघू दे सगळ्यांना, चोर कसा घरात शिरतो ते."

कुलूप बघितलं मी. तसली कुलूपं मी टपरीवर पोरांना खेळायला देते. हेअरपिनेनं उघडलं असतं. बोटं शिवशिवली, अगदी वाकत नाही तेसुद्धा. मला माहीत होतं त्याला काय हवंय. मी उघडलं की मी चोर. मी रडले की मी नाटकी. मी गेले की मी पळपुटी.

म्हणून मी जिन्याच्या पायरीवर बसले. नुसती. पिशवीतून कानस काढली, एका गिऱ्हाइकाची किल्ली अर्धी राहिली होती ती घासत बसले. खर्र, खर्र. सव्वा तास. तो कुलूप लावून स्वतःच्याच दाराबाहेर उभा! आत जायचं तर माझ्यासमोर कुलूप काढायला लागणार. खाली जायचं तर माझ्या शेजारून. कठड्यावरची एकजण फसकन हसली. मग तिथली म्हातारी चहा घेऊन आली आणि कप माझ्या हातात दिला. त्याच्यासाठी आणला नव्हता.

पेटी मिळाली नाही. मिळेल, पोलीस बरोबर असतील तेव्हा. पण त्या पायरीवर बसल्या बसल्या ठरवलं आणि आज सकाळी जाऊन चौथा रकाना भरून आले. दोनच ओळी लिहिल्या. लग्न झालंय म्हणून माझं "नाही" त्याला "हो" ऐकू येऊ शकत नाही. हे मी नऊ वर्षं मनात सुद्धा बोलले नव्हते. बाहेर आल्यावर मात्र चुकीच्या बसमध्ये चढले, तेही सांगते, उगाच वाघीण वगैरे समजू नका.

आता तुमचं. या ना २६ ला. त्याच्या बाजूनं या, उभ्या राहा, वाऱ्याचं बोला. वकीलबाई तुम्हाला त्या दाराबद्दल विचारणार आहेत. वीट कशाला लावायची, तुमचं नख कशानं गेलं. मी त्यांना म्हटलं, हे नका विचारू. त्या म्हणाल्या, का? मी म्हटलं, आधी वन्संना एक पत्र टाकते.

सही मागे घ्या असं मी म्हणत नाही. कोर्टासाठी काही मागत नाही. फक्त मला, एकटीला, एका ओळीत लिहा. त्या दिवशी दार बंद झालं तेव्हा तुम्ही कुठे होतात?

वहिनी


२५ सप्टेंबर, बसस्टँड

वहिनी,

रेडिओपाशी.

ही तू मागितलीस ती एक ओळ. पण आता पेन थांबत नाहीय, आणि बसला वीस मिनिटं आहेत.

बाबांचा आवाज चढला की आई म्हणायची, "ताई, रेडिओ." मी उठून बटण पिरगाळायचे. शेजारी ऐकू जाऊ नये म्हणून. सहा वर्षांची असल्यापासून माझं काम ते. बाळ टेबलाखाली बसायचा आणि मी बटणापाशी. आमच्या घरात कुणी काही शिकवलं नाही, वहिनी. त्यानं तिथून बघून घेतलं आणि मी इथून.

त्या दिवशीही तेच. तुमची बोलाचाली सुरू झाली. मी उठले. कुणी "ताई, रेडिओ" म्हटलं नव्हतं. म्हणणारी आता नव्हतीच, आईला जाऊन अकरा वर्षं झाली. माझा हात आपोआप गेला. बटण पिरगाळताना मी मान वळवली आणि बघितलं. तुझा हात चौकटीवर होता. त्यानं तो बघितला. मग पायानं दाराच्या वाटेतली वीट बाजूला सारली. मग दोन्ही हातांनी दार लावलं. वीट आधी सारली, वहिनी. वाऱ्याला वीट सारता येत नाही.

तू ओरडलीस ते मला ऐकू आलं नाही. मी आवाज पार शेवटापर्यंत नेला होता.

हे मी तुला लिहिलंय. उद्या कोर्टात बोलणार आहे, असंच, याच क्रमानं. ही चिठ्ठी तुला सुनावणीनंतर मिळेल, मी आधी पोचलेली असेन. तरी लिहितेय, कारण तुझ्यासमोर उभं राहून मला पहिल्यांदा बोलायचंय तेव्हा ते एकदा तरी हातातून गेलेलं असावं. शाळेत मुलांना सांगते ना, आधी पाटीवर काढून बघा, तसं.

आता कडीचं. बसवली होती. साबण लावला, स्क्रू लोण्यासारखे गेले. यांना पत्ता नव्हता. रविवारी दुपारी कारण काय झालं ते आता आठवतही नाही, आमटी थंड होती की मी उत्तर पटकन दिलं नाही. मी कोठीत शिरले आणि कडी सरकवली. पहिली लाथ. दुसरी. वहिनी, माझ्या मनात काय आलं सांगू? आता तिसरी. मी मोजत होते. तिसरीला निघाली, तू म्हणालीस तशीच, लाकडासकट. आणि हे आत आले तेव्हा मला पहिल्यांदा असं वाटलं नाही की आता काय होणार. वाटलं, कुलूपवालीला धंद्यातलं कळतं बाई.

बावीस वर्षं. गॅदरिंगच्या पहिल्या रांगेत माझ्या शेजारी बसून हे टाळ्या वाजवतात तेव्हा पोरं म्हणतात, बाईंचे मिस्टर किती छान हसतात.

सोमवारी शाळेत तुझं पत्र आलं. मंगळवारी मधल्या सुट्टीत, स्क्रूंच्या पुडीचा तो कागद घेऊन मी ऑफिस शोधलं. इथल्या अधिकारीबाई अगदी लहान आहेत, माझ्या हाताखालून गेलेली मुलगी शोभेल. मी रकाने भरले. चारही. खाली सही केली. माझी सही, माझ्या मजकुराखाली. त्यांनी निघालेली कडी ठेवून घेतली आणि पावती दिली. ती माझ्या ब्लाउजमध्ये आहे. तुझा माल होता, परत मिळायचा नाही, माफ कर.

बाळला काल शाळेच्या फोनवरून सांगितलं, मी ती सही मागे घेतेय. आधी रडला. मग म्हणाला, "ताई, तू माझी ताई ना?" मी म्हटलं, हो, म्हणूनच येतेय. मग जे बोलला ते बाबांच्या आवाजात बोलला. मी फोन कानापासून लांब धरला, हेडबाईंच्या टेबलावर, सगळ्यांना ऐकू जाईल असा. या वेळी आवाज मोठा करायला बटण लागलं नाही.

आज यांना सुट्टी आहे. बाहेरच्या खोलीत पेपर वाचतायत. निघताना मी स्वयंपाकघरातला रेडिओ लावला. मोठ्यानं. हे ओरडले, "आवाज!" मी कमी केला नाही. मागच्या दारानं पिशवी घेऊन बाहेर पडले. अजून वाजत असेल तो. अजून मी आतच आहे असं समजून हे कुणावर तरी ओरडत असतील.

पिशवीत दोन साड्या, चष्मा, मुलांचे तपासायचे पेपर (बेचाळीस, ते कुणावर टाकू?), आणि यांच्या कुलपाची किल्ली. बाहेर पडताना सवयीनं उचलली. तुझ्या टपरीत टांगून ठेव, घासायला नमुना म्हणून.

मला आता वन्सं म्हणू नकोस. ताई पुरे. आणि तुम्ही-बिम्ही बंद कर. तुझ्या नर्सला म्हणावं, खोलीत तिसरी चटई घाल, पण मी घोरते, तेवढं आधीच सांगून ठेव.

कुलूप तो उघडेल तेव्हा मी तुझ्याबरोबर जिन्यात असणार आहे. पायरीवर बसून पेपर तपासत.

बस लागली. टपालपेटी बसच्या दारापासून दहा पावलांवर आहे, म्हणजे बंद करायला हवं. उत्तर लिहायला बसू नकोस. घरच्या पत्त्यावर मी नाही, शाळेच्याही नाही. निघाले.

ताई